एकाच तारेतून निरोप आणि वीज

नागपूरहून रायपूरकडे जाणाऱ्या राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ५३ वर, म्हणजे पूर्वीच्या सहा क्रमांकाच्या महामार्गावर, छत्तीसगडची हद्द लागण्यापूर्वी देवरी हे गाव लागते. गोंदिया जिल्ह्यातील हे तालुक्याचे ठिकाण. भोवती धानाची शेते आणि त्यापलीकडे जंगल. तालुक्यात आदिवासी मुलामुलींच्या निवासी आश्रमशाळा आहेत. पावसाळ्यात वादळ झाले, एखादी फांदी तारांवर पडली की वीज जाते आणि जंगलभागातील बिघाड शोधून दुरुस्त करण्यात कधी कधी सारी रात्र निघून जाते.

आता अशी कल्पना करा, की देवरीजवळच्या एका निवासी शाळेत आषाढातल्या रात्री दिवे गेले आहेत. वसतिगृहात शंभर मुले झोपली आहेत आणि एका मुलाला साप चावला. १०८ क्रमांकाला फोन करून रुग्णवाहिका बोलवायची आहे. मोबाइलला तेथे नीट आवाज येत नाही. वसतिगृहात इंटरनेटवर चालणारा एक फोन भिंतीवर लावलेला आहे, पण तोही विजेवरच चालतो. मग तो फोन त्या रात्री लागेल का?

याचे उत्तर, फोनला वीज कोठून मिळते यावर अवलंबून आहे. फोनजवळच्या भिंतीतील प्लगमधून ती मिळत असेल, तर फोन मुका झालेला असेल. परंतु शाळेच्या कार्यालयातून फोनपर्यंत आलेल्या बारीक केबलमधूनच वीज मिळत असेल आणि कार्यालयात एक बॅटरी असेल, तर तो खुशाल लागेल. ज्या केबलमधून बोलणे जाते, तिच्यातूनच वीज कशी जाते? दोन्हींची सरमिसळ कशी होत नाही? आणि त्या नाजूक तारा जळत कशा नाहीत? हेच आज आपण पाहू.

जुन्या टेलिफोनची युक्ती

ही कल्पना अगदी नवी आहे असे समजू नका. तुमच्या आजोबांना विचारा. त्यांच्या काळी घरात किंवा पोस्टात जो काळा टेलिफोन असे, तो दिवे गेल्यावरही चालू राहत असे. त्याला विजेचा प्लगच नव्हता. टेलिफोन केंद्रात प्रत्येकी सुमारे दोन व्होल्टचे चोवीस शिसे-आम्ल घट एकापुढे एक जोडून ४८ व्होल्टची मोठी बॅटरी ठेवलेली असे. केंद्रापासून घरापर्यंत तांब्याच्या दोन तारा आलेल्या असत. रिसीव्हर उचलला की मंडल पूर्ण होई, बॅटरीचा प्रवाह वाहू लागे आणि आपल्या आवाजाप्रमाणे त्या प्रवाहात चढउतार होत. तेच चढउतार पलीकडे आवाज होऊन ऐकू येत. म्हणजे वीज आणि निरोप एकाच जोडीतून जात असत.

पुढे संगणक आले आणि ते एकमेकांना जोडण्यासाठी इथरनेट ही पद्धत निघाली. अमेरिकेतील झेरॉक्स कंपनीच्या प्रयोगशाळेत १९७३ साली तिचा जन्म झाला. सुरुवातीला त्यासाठी जाड केबल वापरीत. १९९० पासून टेलिफोनच्या तारांसारख्याच पीळ दिलेल्या तारांच्या जोड्या वापरण्याचे प्रमाण ठरले. आज शाळेच्या संगणक कक्षात निळी किंवा करडी केबल दिसते, ती हीच. तिच्यात आठ तारा, म्हणजे चार जोड्या असतात. या साऱ्या केबली ज्या पेटीत येऊन मिळतात, तिला स्विच म्हणतात. भिंतीवरच्या बटणाशी या स्विचचा संबंध नाही. आलेला निरोप कोणाचा आहे हे पाहून तो योग्य केबलमध्ये पाठविणे हे त्याचे काम. पोस्टात पत्रांची वाटणी करणाऱ्या कारकुनासारखेच ते आहे.

इथरनेटवर फोन जोडू लागल्यावर जुना प्रश्न पुन्हा उभा राहिला. नव्या फोनला वेगळा प्लग लागू लागला. ही पीछेहाटच होती. म्हणून २००० सालाच्या सुमारास काही कंपन्यांनी आपापल्या स्विचमधून वीजही देण्यास आरंभ केला. सर्वांची उपकरणे एकमेकांना चालावीत, म्हणून विद्युत अभियंत्यांच्या ‘आय-ट्रिपल-ई’ या आंतरराष्ट्रीय संस्थेने २००३ साली त्याचे प्रमाण ठरवून दिले. त्याला ‘पॉवर ओव्हर इथरनेट’ किंवा थोडक्यात पीओई म्हणतात. २००९ आणि २०१८ साली त्यात अधिक शक्तीची भर पडली.

सरमिसळ का होत नाही?

समजा, दोन मुले नावेत उभी आहेत. एक उंच, एक बुटका. नदीला पूर आला आणि पाणी दहा फूट चढले. दोघांचीही डोकी दहा फूट वर गेली, परंतु त्यांच्या उंचीतील फरक किती बदलला? मुळीच नाही!

पिळाच्या जोडीतून निरोप जातो तो अशा फरकाच्या रूपाने. एका तारेवरचा विद्युतदाब किंचित वर गेला की दुसरीवरचा तितकाच खाली येतो. पलीकडचे उपकरण फक्त दोन तारांमधील फरक पाहते. आता या दोन्ही तारांचा दाब मिळून ४८ व्होल्टने वर उचलला, तरी फरक तसाच राहतो. निरोपाला त्या पुराचा पत्ताही लागत नाही.

दोन्ही तारा सारख्या उचलायच्या कशा? जोडीच्या टोकाला एक चिमुकले रोहित्र बसविलेले असते. त्याच्या वेटोळ्याच्या बरोबर मध्यावर वीज देतात. तेथून प्रवाहाचे दोन समान भाग होतात. निम्मा एका तारेतून जातो, निम्मा दुसरीतून. वेटोळ्याच्या दोन अर्ध्या भागांत हे प्रवाह उलट दिशांनी वाहतात, त्यामुळे त्यांची चुंबकीय क्षेत्रे एकमेकांना नाहीशी करतात आणि रोहित्राच्या गाभ्यावर परिणाम होत नाही. पलीकडच्या टोकालाही असेच रोहित्र असते. त्याच्या मध्यावरून वीज काढून घेतात. परतीच्या वाटेसाठी दुसरी जोडी वापरतात. म्हणजे एक अख्खी जोडी धन तारेचे काम करते आणि दुसरी अख्खी जोडी ऋण तारेचे. वीज कोणत्या जोडीतून धन येईल याचा नेम नसतो, म्हणून उपकरणात चार डायोडांचा पूल बसवितात. तारा कशाही जोडल्या तरी आत योग्य दिशेनेच प्रवाह जातो.

४८ व्होल्टच का?

पाच व्होल्ट का नाहीत? किंवा सरळ २३० का नाहीत? हे समजण्यासाठी थोडे गणित करू. ओहमचा नियम तुम्हाला माहीत आहेच.

२००३ च्या प्रमाणात असे धरले आहे, की १०० मीटर केबलचा जाण्या-येण्याचा मिळून रोध जास्तीत जास्त २० ओहम असेल. आता पाच व्होल्टचा दाब दिला आणि पलीकडे १३ वॅटचे उपकरण चालवायचे ठरविले, तर १३ भागिले ५, म्हणजे २.६ ॲम्पिअर प्रवाह लागेल. हा प्रवाह २० ओहममधून जाताना २.६ गुणिले २०, म्हणजे ५२ व्होल्ट वाटेतच खर्च व्हावे लागतील. आपल्याजवळ आहेत अवघे पाच! तेव्हा हे होणे शक्य नाही.

दाब वाढविला की तेवढीच शक्ती कमी प्रवाहात जाते. प्रमाणाप्रमाणे स्विचने कमीत कमी ४४ व्होल्ट द्यावे आणि ०.३५ ॲम्पिअर प्रवाहापर्यंत ते टिकवावे असे ठरले. ४४ गुणिले ०.३५ म्हणजे १५.४ वॅट. वाटेतील नुकसान किती? प्रवाहाचा वर्ग गुणिले रोध, म्हणजे ०.३५ गुणिले ०.३५ गुणिले २०, बरोबर २.४५ वॅट. १५.४ मधून २.४५ वजा केले की उरतात १२.९५ वॅट. कॅमेऱ्याच्या किंवा फोनच्या माहितीपत्रकात १२.९५ हा चमत्कारिक आकडा दिसला, तर तो कोठून आला हे आता तुम्ही सांगू शकाल.

२००९ च्या प्रमाणात चांगल्या केबलचा रोध १२.५ ओहम धरला. कमीत कमी दाब ५० व्होल्ट आणि प्रवाह ०.६ ॲम्पिअर, म्हणून शक्ती ३० वॅट झाली. नुकसान ०.६ गुणिले ०.६ गुणिले १२.५, म्हणजे ४.५ वॅट. उपकरणाला मिळाले २५.५ वॅट. २०१८ च्या प्रमाणात चारही जोड्या कामाला लावल्या आणि स्विचकडून ९० वॅटपर्यंत शक्ती देता येऊ लागली.

मग दाब आणखी वाढवून २३० व्होल्ट का करू नयेत? कारण ही केबल नाजूक आहे आणि मुलेबाळेही तिला हात लावतात. दिष्ट प्रवाहाचा ६० व्होल्टपर्यंतचा दाब सामान्यतः कमी धोक्याचा मानतात. पीओईचा दाब ५७ व्होल्टच्या वर जात नाही. पावसात भिजलेल्या खांबावर २३० व्होल्टची तार नेणे आणि ही केबल नेणे, यांत किती फरक आहे ते लक्षात घ्या. अर्थात कमी धोका म्हणजे खेळण्याची परवानगी नव्हे!

आधी ओळख, मग वीज

आता एक शंका तुमच्या मनात येईल. त्याच स्विचला एखादा साधा जुना संगणक जोडला, तर ४८ व्होल्टने तो बिघडणार नाही का? बिघडेल. म्हणूनच स्विच कोणालाही विचारपूस केल्याशिवाय वीज देत नाही.

पहिली पायरी ओळखीची. स्विच प्रथम १० व्होल्टच्या आसपास किंवा त्याहून कमी असा थोडासा दाब देतो. वीज घेऊ शकणाऱ्या प्रत्येक उपकरणात ओळखीची खूण म्हणून सुमारे २५,००० ओहमचा रोध बसविलेला असतो. स्विच प्रवाह मोजतो आणि रोध काढतो. पण तो एकदा मोजून थांबत नाही, दोनदा मोजतो. का बरे? वाटेत डायोडांचा पूल आहे ना! त्यात समजा १.४ व्होल्ट खर्च होतात. स्विचने ४ व्होल्ट दिले, तर रोधाच्या वाट्याला २.६ व्होल्ट येतील आणि प्रवाह ०.१०४ मिलिॲम्पिअर होईल. ४ व्होल्टला या प्रवाहाने भागले तर रोध ३८,००० ओहमहून अधिक येतो. हे चूक आहे. मग स्विच ८ व्होल्ट देतो. आता प्रवाह ०.२६४ मिलिॲम्पिअर होतो. दाबातील फरक ४ व्होल्ट, प्रवाहातील फरक ०.१६ मिलिॲम्पिअर. भागाकार बरोबर २५,००० ओहम! डायोडांचा हिस्सा दोन्ही वेळा सारखाच असल्यामुळे वजाबाकीत तो निघून गेला. प्रयोगशाळेत आलेखाचा चढ काढायला शिक्षक का सांगतात, हे येथे कळते.

दुसरी पायरी भुकेची चौकशी. स्विच दाब १५ ते २० व्होल्टच्या दरम्यान नेतो आणि उपकरण ठरावीक प्रवाह घेऊन आपला वर्ग सांगते. सुमारे १० मिलिॲम्पिअर घेतले तर पहिला वर्ग, त्याच्यासाठी स्विच ४ वॅट राखून ठेवतो. १८ च्या आसपास घेतले तर दुसरा वर्ग, ७ वॅट. २८ घेतले तर तिसरा, १५.४ वॅट. ४० घेतले तर चौथा, ३० वॅट. पंगतीला बसण्यापूर्वी कोण किती जेवणार हे यजमानाला कळलेले बरे, तसेच हे.

तिसऱ्या पायरीला पूर्ण दाब मिळतो आणि उपकरण चालू होते. त्यानंतरही स्विचचे लक्ष असते. प्रवाह मर्यादेबाहेर वाढला तर तो वीज तोडतो. केबल कोणी उपटली आणि प्रवाह जवळजवळ थांबला, तर अर्ध्या सेकंदाच्या आत तो वीज बंद करतो, कारण आता त्या टोकाला कोणी साधा संगणकही जोडू शकेल. मग पुन्हा पहिल्यापासून विचारपूस!

बाजारात २४ व्होल्टची काही स्वस्त जोडणी मिळते, ती मात्र अशी विचारपूस करीत नाही. ती थेट वीज सोडते. तिला भलतेच उपकरण जोडले, तर ते निकामी होण्याचा संभव असतो. खरेदी करताना पेटीवर प्रमाणाचा क्रमांक पाहावा तो यासाठी.

आपल्या शाळेचा हिशेब

आता देवरीजवळच्या त्या शाळेकडे परत येऊ. समजा तेथे चार कॅमेरे, एक वायफाय यंत्र आणि वसतिगृहातील एक फोन बसवायचा आहे. कॅमेरे आणि फोन दुसऱ्या वर्गाचे आणि वायफाय यंत्र तिसऱ्या वर्गाचे असेल, तर स्विचने राखून ठेवायची शक्ती पाच गुणिले ७ अधिक १५.४, म्हणजे ५०.४ वॅट होते. आठ जोडण्यांचा आणि एकूण ६० वॅट देणारा स्विच पुरेल. पण सारी उपकरणे तिसऱ्या वर्गाची असती, तर सहा गुणिले १५.४, म्हणजे ९२.४ वॅट लागले असते आणि शेवटच्या काहींना स्विचने नकार दिला असता. तेव्हा ‘आठ जोडण्या’ एवढेच पाहून भागत नाही, एकूण वॅट पाहावे लागतात.

बॅटरीचे काय? समजा ही उपकरणे, स्विच आणि चित्रे साठविणारे यंत्र मिळून प्रत्यक्षात सरासरी ६० वॅट घेतात. कार्यालयात इन्व्हर्टरची १२ व्होल्ट, १५० ॲम्पिअर-तासांची बॅटरी आहे. तिच्यातील ऊर्जा १,८०० वॅट-तास. बॅटरी टिकावी म्हणून निम्मीच वापरू, म्हणजे ९००. इन्व्हर्टरमध्ये पाचवा भाग वाया जातो असे धरू, उरले ७२० वॅट-तास. त्याला ६० ने भागले की बारा तास! संध्याकाळी सातला गेलेली वीज सकाळी सातपर्यंत आली नाही, तरी वसतिगृहातील फोन चालेल. जागोजागी सहा बॅटऱ्या ठेवण्याची गरज नाही. एका खोलीत एक बॅटरी, तिची निगा एकाच ठिकाणी.

अर्थात फोन बाहेर लागण्यासाठी शाळेपर्यंत येणारी इंटरनेटची जोडणीही चालू हवी. ज्या पेटीतून इंटरनेट येते, तीही याच बॅटरीवर घेतली पाहिजे. अनेक ग्रामपंचायतींपर्यंत भारतनेट योजनेतून काचेच्या तंतूची केबल पोहोचविली जात आहे. त्या तंतूतून प्रकाश जातो आणि निरोप फार दूर जातात, पण काच विजेची दुर्वाहक असल्याने तिच्यातून वीज जात नाही. त्यामुळे लांबचा पल्ला काचेने गाठायचा आणि शेवटच्या १०० मीटरांत तांब्याने निरोप व वीज दोन्ही द्यायची, अशी कामाची वाटणी होते.

१०० मीटर ही मर्यादा पाळलीच पाहिजे. शाळेचे फाटक १४० मीटरवर असेल, तर मध्ये आणखी एक स्विच बसवावा लागेल किंवा फाटकापर्यंत काचेचा तंतू नेऊन तेथे विजेची वेगळी सोय करावी लागेल. विदर्भात पावसाळ्याच्या तोंडाशी विजा पुष्कळ पडतात, हेही विसरू नये. एका इमारतीतून दुसरीत उघड्यावरून गेलेली तांब्याची केबल जवळ पडलेल्या विजेचा झटका आत आणू शकते. तेथे झटका अडविणारे साधन आणि चांगले अर्थिंग हवे, अथवा तंतूच वापरावा.

करून पाहा

संगणक दुरुस्तीच्या दुकानातून वापरात नसलेल्या इथरनेट केबलचा वीतभर तुकडा मागून घ्या. तो कशालाही जोडलेला नसावा. मोठ्यांच्या देखरेखीखाली वरचे आवरण काढा आणि आठ तारा उलगडा. चारही जोड्यांचा पीळ सारखा आहे का ते मोजा. तो वेगवेगळा ठेवलेला असतो, कारण त्यामुळे एका जोडीतील निरोप दुसरीत कमी उतरतो. नंतर एका तारेचे आवरण सोलून धातूचा पृष्ठभाग पात्याने हलकेच खरवडा. आतही तांबूस रंग दिसला तर तार शुद्ध तांब्याची आहे. आत चंदेरी रंग दिसला, तर ती वरून तांब्याचा मुलामा दिलेली ॲल्युमिनियमची तार आहे.

अशी केबल स्वस्त असते, पण ॲल्युमिनियमचा रोध तांब्याच्या दीडपटीहून अधिक असतो. वाटेतील नुकसान त्याच प्रमाणात वाढते, केबल अधिक तापते आणि तार लवकर तुटते. एरवी संगणक तिच्यावर चालतोही, म्हणून कोणाला संशय येत नाही. पण वसतिगृहाच्या टोकाला असलेल्या फोनला ऐन वेळी पुरेसा दाब मिळणार नाही, असे होऊ शकते. तुमच्या शाळेत अशी केबल टाकली जात असेल तेव्हा हा वीतभर तुकडा घेऊन गुरुजींकडे जा, ओहमच्या नियमाने नुकसान मोजून दाखवा आणि भिंतीत केबल पुरली जाण्यापूर्वीच ती तांब्याची आहे की नाही याची खात्री करून घ्या.